आत्यासाहेबांची उसनी साडी

टीव्हीवरच्या त्या श्रीमंत घरात जमना तामोरे जिन्याच्या डाव्या अंगाला उभी असते. तिथे पुरुषभर उंचीची पितळी समई आहे आणि समईच्या मागे जमना. घरात काहीही घडलं, म्हणजे दागिने गेले, मोठी सून रुसली, धाकटा मुलगा भलत्याच मुलीला घेऊन उंबऱ्यात उभा राहिला, की कॅमेरा आधी नायिकेकडे जातो, मग सासूकडे, मग मधल्या काकूकडे आणि उरलाच वेळ तर जमनाकडे. जमना छातीशी हात नेते आणि म्हणते, "अगं बाई!" पुष्कळदा तेही म्हणत नाही, नुसता हात नेते.

त्या घरात तिला आत्यासाहेब म्हणतात. चिंचणीत ती जमनाच. तामोऱ्यांची जमना, टीव्हीवाली जमना. बाजारात कोळंबी निवडताना कोणी हटकून विचारलंच, "काय गं, कालच्याला बोललीस नाय ती?" तर ती मान वर न करता सांगते, "बोलायचे पैसे वेगळे."

या कामाला ती अपघाताने लागली, पण टिकली ती अपघाताने नाही. लग्नानंतर ती आणि रामनाथ बोईसरला राहायचे. रामनाथ रंगाच्या कारखान्यात होता. त्या दिवशी कोणता रंग काढला ते त्याच्या नखांवरून कळायचं. जवळच्या वसाहतीतलं नाट्यमंडळ दरवर्षी स्पर्धेत नाटक करायचं आणि एका वर्षी त्यांना सत्तरीची म्हातारी मिळेना. वसाहतीतल्या एकाही बाईला केस पांढरे करून घ्यायचे नव्हते. रामनाथ घरी येऊन हसत हसत सांगत होता, तर जमना म्हणाली, "मी करते की. म्हातारं व्हायचंच आहे, आत्ता पाहून घेते." तेव्हा ती तिशीच्या आत होती. म्हातारी इतकी वठली की पालघरच्या प्रयोगाला आलेल्या एका मुंबईच्या माणसाने तिला पडद्यामागे जाऊन "आजी" म्हणून नमस्कार केला. तेव्हापासून तिला कोणी तरुण केलं नाही.

मग एकेक काम येत गेलं. इस्पितळाच्या दारात रडणारी आई. कोर्टातली साक्षीदार. पोलीस ठाण्यात ओरडणारी शेजारीण. बहुतेक बायांना नावंसुद्धा नव्हती. पण जमनाला एक गोष्ट लवकर उमगली होती. मागे उभी असणारी बाई ऐकताना दिसली पाहिजे. बाकीच्या नट्या आपलं वाक्य येईपर्यंत मनात घरचा हिशोब करायच्या. जमना ऐकायची. समोरची नायिका पन्नासदा तेच रडगाणं गात असली तरी जमनाच्या डोळ्यांत ते पहिल्यांदाच कानावर पडल्यासारखं दिसायचं. म्हणून दिग्दर्शक तिला परत बोलवायचे, आणि नेमकं का बोलवतो ते त्यांनाही सांगता यायचं नाही.

रामनाथ काविळीने गेला. दिवस उरकले आणि ती कामाला गेली, तर त्या दिवशी तिला लग्नघरातली सवाष्ण करायची होती. रंगभूषा करणारा माणूस ओळखीचा होता. कुंकवाचं बोट तिच्या कपाळाजवळ आणून तो थांबला. जमना म्हणाली, "लाव रे. मी कामाला आलेय, हळदीकुंकवाला नाही." त्याने लावलं. त्यानंतर ती बोईसरची खोली सोडून चिंचणीला राहायला आली. घरी काळी टिकली आणि कामावर ठसठशीत कुंकू, हे तिच्या अंगवळणी पडलं.

आत्यासाहेब मिळाल्या तेव्हा त्यांना नवरासुद्धा होता. रुबाबदार, शेरवानी घालणारा. पण त्या नटाला दुसरीकडे मोठं काम मिळालं, म्हणून लेखकाने त्याला धंद्यासाठी नैरोबीला पाठवून दिलं. तो गेला तो गेलाच. फोन नाही, पत्र नाही, घरात कोणी त्याचं नावही काढत नाही. पण मेला असंही कोणी म्हटलं नाही. आत्यासाहेबांचं मंगळसूत्र त्यामुळे शाबूत राहिलं.

आता साड्यांचं. अशा मालिकांत नायिकेला, सासूला, मधल्या काकूला साड्या निर्मात्याकडून मिळतात. मागे उभ्या राहणाऱ्यांनी आपापल्या आणायच्या. आत्यासाहेब खानदानी, आणि जमनाच्या पेटीत धड नेसण्याजोग्या साड्या म्हणाल तर सहा. पहिल्या महिन्यातच त्या फिरून फिरून दिसायला लागल्या. तेव्हा शेजारची ठमी आपली जांभळी साडी काखेत मारून आली. ठमी सुकी मासळी विकते. तिचं बोलणं तिखट आणि हात सैल.

"ही ने उद्या. त्या सासूचं काय कौतुक लावलंय? रोज नवी नेसते. आमच्या गावची बाई काय उघडी पडलीय?"

जांभळी साडी टीव्हीवर दिसली आणि गावात धांदल उडाली. ज्या बायका जमनाला बघून नाक मुरडायच्या त्या संध्याकाळी पिशव्या घेऊन यायला लागल्या. कोणाची लग्नातली, कोणाची मुलाच्या बारशाची, कोणाची भावाने सुरतेहून आणलेली. मग त्या भागाच्या दिवशी घराघरांत आरडाओरडा. "ती बघ माझी! समईच्या मागं! जरा बाजूला हो ना गं ए सासू!" जमनाने या उसनवारीला एकच नियम घालून घेतला होता. काम झालं की दुसऱ्या दिवशी साडी वाऱ्यावर टाकून, इस्त्री करून, घडीत सुपारी घालून परत. रिकामी परत करायची नाही आणि ठेवून घ्यायची नाही. या नियमामुळेच तिची पत होती.

आणि या नियमानेच तिला यंदा खड्ड्यात घातलं.

शनिवारी मोठा प्रसंग चित्रित झाला. देव्हाऱ्यातली सोन्याची गौर चोरीला गेली आहे आणि आळ धाकट्या सुनेवर, म्हणजे नायिकेवर. खरा चोर घरचा मोठा मुलगा, आणि दाराआडून त्याला पाहिलंय ते एकट्या आत्यासाहेबांनी. आधीच्या भागांत दाखवून झाल्यामुळे प्रेक्षकांना हे ठाऊक. आत्यासाहेब मात्र गप्प. नायिका रडली, सासू कडाडली, मधली काकू टोमणे मारून मोकळी झाली आणि जमना समईमागून बघत राहिली. खास पूजेचा प्रसंग म्हणून तिने ठमीची लग्नातली साडी नेसली होती. मोरपंखी रंग, मोहरीच्या रंगाचे काठ, पदरावर बारीक चौकडी. ठमीच्या बापाने वलसाडहून आणलेली. ते दुकानही आता राहिलेलं नाही.

रविवारी सकाळी नियमाप्रमाणे साडी ठमीच्या हातात परत गेली.

सोमवारी सकाळी दर्पणचा फोन आला. दर्पण हा साहाय्यक दिग्दर्शक. कोणाच्या कानात कोणते डूल होते, कोणाच्या कपाळावर किती मोठी टिकली होती, आधीच्या चित्रीकरणाशी सगळं जुळतं की नाही हे बघणं त्याचं काम.

"जमनाताई, बसलाय का?"

"उभी आहे. सवय आहे. बोल."

"उद्या तुमचा सीन आहे."

"माझा म्हणजे? कॅमेरा माझ्यावर येणार की माझ्यावरून जाणार?"

"तुम्ही बोलताय ताई! पानभर आहे. चॅनलच्या मॅडमनी शनिवारचं शूटिंग पाहिलं, म्हणाल्या, ही मागची बाई सगळं जाणून आहे हे तिच्या डोळ्यांत दिसतंय, मग बोलत का नाही? आता सीन तिथूनच पुढे चालू. तुम्ही समईमागून बाहेर येता आणि चोराचं नाव घेता. शनिवारचीच साडी आणा तेवढी. मोरपंखी. तुमचा क्लोजअप घेतलाय, पदर दिसतोय त्यात."

 जमनाने विचारलं, "आणि साडी नसली तर?"

"नसली म्हणजे?"

"सहज विचारते."

"मग वाक्यं चारुताताईंना देतील. मधली काकू बोलली तरी चालतंय गोष्टीत. त्यांची साडी इथेच कपाटात लटकलीय." दर्पण थबकला. "ताई, असं का विचारताय?"

"सहज म्हटलं ना. ठेव."

फोन ठेवून ती चपला घालायच्या आधीच ठमीच्या ओट्यावर पोचली. ठमी पाय पसरून बोंबील निवडत बसली होती.

"ठमे, मोरपंखी साडी दे. उद्यापुरती."

ठमीचा हात थांबला. "ती नाय माझ्याकं."

"कुठे गेली?"

"तेजलच्या ओटीत घातली काल."

तेजल ठमीची मुलगी, वाणगावला दिलेली. तिला सातवा महिना लागला होता आणि रविवारी दुपारी तिच्या सासरी ओटीभरण होतं, हे जमनाला माहीत होतं. तिलाही बोलावणं होतं, पण जेवायला. विधवा बाईने अशा ठिकाणी वेळेवर जाऊन कोपऱ्यात बसण्यापेक्षा दुसऱ्या दिवशी जावं, हे ती न सांगता पाळायची.

"नवी घेणार होतीस ना?"

"घेतली होती गं. पन पोरगी हट्टाला पेटली. आये, मला ती टीव्हीत येणारी मोरपंखी पायजे. मंग सकाळी तू आणून दिलीस ती तशीच घेऊन गेले." ठमीने बोंबील टोपलीत आपटला. "तुझ्या त्या नियमानं घात केला. एक दिस ठेवून घेतली असतीस तर मेली नसतीस!"

"आता आणता येईल?"

"ओटीतलं परत मागतात काय, जमने? आनि तेजलचं पयलं राह्यलं नाय, ठाव हाय ना तुला? तिची सासू मंछाबाय कशी हाय? मी जाऊन मागितली तर मला उंबऱ्याच्या आत घ्यायची नाय. आनि मी मागणार पन नाय."

जमनाने मान डोलावली. तिला ठमीचा राग आला नाही. ठमीच्या जागी तीही हेच बोलली असती.

ती स्कूटरने बोईसरला गेली. मोठ्या दुकानात एका भय्याने तिच्यापुढे मोरपंखी साड्यांचा ढीग घातला. "माताजी, एकदम वही है, उन्नीस-बीस का भी फरक नहीं." फरक होताच. काठ सोनेरी, पदर चकचकीत. ती उठायला लागली तसा तो तिच्या तोंडाकडे बघून म्हणाला, "आप टीवी में आती हैं ना? वो जो पीछे खड़ी रहती हैं?"

"हां," जमना म्हणाली. "वोही."

बाहेर येऊन तिने स्कूटर सुरू केली. इतकी वर्षं मागे उभं राहण्याची तिला कधी लाज वाटली नव्हती, आत्ताही वाटली नाही. पण पानभर वाक्यं तिच्या नावाने लिहून तयार होती, आणि चारुता ती गोड आवाजात, मान वेळावत, मेकअप न हलवता म्हणून टाकेल, हे तिच्या डोळ्यांसमोर आलं. चोराचं नाव चारुतालाही घेता येईल. पण इतके दिवस ते पोटात ठेवून जगलेली बाई ते कसं घेईल, हे फक्त जमनाला ठाऊक होतं.

घरी येऊन तिने कोळंबीच्या लोणच्याची बरणी पिशवीत घातली आणि वाणगावचा रस्ता धरला. तेजलला बघायला जायचंच होतं. मागायचं नाही, एवढं तिने ठरवलं होतं. 

तेजलच्या सासरची मिरचीची वाडी. मंछाबाई अंगणात मिरच्या निवडत होती. थोराड बाई, आवाज असा की वाडीच्या टोकाचा माणूसही दचकावा. जमनाला पाहताच ती कमरेवर हात देऊन उभी राहिली.

"या आत्यासाहेब! पयलं मला सांगा, तुमी बोलत का नाय?"

जमना गडबडली. "काय बोलत नाही?"

"त्या धाकट्या पोरीवर आळ घेतला. तुमी सोता बगितला ना चोर? दाराआड होतात ना? मंग नुसत्या छातीवर हात ठेवून उभ्या! मला एवढा राग येते तुमचा, मी तर टीव्हीला चप्पल दाखवली."

"आये!" आतून तेजल हसत आली. पोट सांभाळत ती उंबऱ्याशी बसली. "जमनामावशी, मनावर घेऊ नको. यांनी त्या सासूला तर शापच दिलाय."

जमनाने बरणी तिच्या हातात दिली. तेजलने तिथेच झाकण उघडून बोट घातलं. मंछाबाईने ओरडून तिला पाणी प्यायला लावलं, मग जमनाला बसायला पाट दिला आणि पुन्हा मूळ मुद्द्यावर आली. "बोलनार हाय का नाय ते सांगा."

"उद्या बोलणार होते," जमना म्हणाली.

"होते म्हंजे?"

आता गप्प राहणं खोटेपणाचं झालं असतं. जमनाने सगळं सांगितलं: शनिवार, साडी, पदर दिसतो म्हणून तीच लागते ती, नसली तर वाक्यं मधल्या काकूला. कोणती साडी ते तेजलला आधी कळलं. तिचं बोट बरणीतच राहिलं.

"त्या काकूला?" मंछाबाई किंचाळली. "ती भवानी बोलनार? तिनं तर त्या पोरीच्या जेवनात मीठ ओतलं!"

"मी साडी मागायला नाही आले, मंछाबाय," जमना म्हणाली. "ओटीतलं मागत नाहीत, मला कळतं. तुम्ही विचारलंत म्हणून सांगितलं. लोणचं द्यायचं होतं, दिलं. निघते."

"बसा खाली."

जमना बसली. मंछाबाईने दोन-चार मिरच्या निवडल्या.  

"ओटीतलं मागायचं नाय, उसनं द्यायचं नाय," मंछाबाई सावकाश म्हणाली, जणू कोणा जाणत्याला विचारून सांगतेय. "पन ओटीतलं ओटीत जाते. माझ्या आयेनं केलं होतं. एका सवाशिणीच्या ओटीतलं दुसऱ्या सवाशिणीच्या ओटीत घातलं तर पुण्यच हाय. पन..."

तिने जमनाच्या कपाळाकडे पाहिलं. काळ्या टिकलीकडे. पुढचं बोलायची गरज नव्हती. जमनाने पिशवीची घडी घालायला घेतली.

"आये," तेजल म्हणाली, "टीव्हीत यांना नवरा हाय की."

"आँ?"

"हाय ना. तो शेरवानीवाला. नैरोबीला गेलाय."

जमनाला हसू आलं. पण मंछाबाई हसत नव्हती. ती मन लावून विचार करत होती.

"तो? त्याला लय दिस झाले. जिता हाय?"

"मेला असं कोणी म्हटलेलं नाही," जमना म्हणाली.

"कुंकू लावता?"

"लावते. मंगळसूत्रपण घालते."

"आनि साडी तिथंच नेसनार? त्या घरात?"

"तिथंच."

"मंग मेला नाय," मंछाबाईने निकाल दिला. "आमी रोज बगतो त्या घरात. तिथं तुमी सवाशीण हाय. आनि साडी तिथं चाललीय, हितं नाय. तेजल, ऊठ. तांदूळ काढ, नारळ काढ. हळदीकुंकवाची कोयरी आण."

"मंछाबाय, अहो..."

"तुमी गप ऱ्हावा. उद्या बोला काय बोलायचं ते."

तेजलने आतून साडी आणली. जमना पाटावर बसली, पदर पसरून. तेजलने आधी तिला कुंकू लावलं, आणि तिचं बोट थांबलं नाही. मग साडीच्या काठाला हळदकुंकवाची बोटं ओढली आणि तांदूळ, नारळ, साडी सगळं जमनाच्या पदरात घातलं. रामनाथ गेल्यापासून तिच्या पदरात कोणी काही घातलं नव्हतं. कपाळावर कुंकू तिने शेकडो वेळा लावून घेतलं होतं. त्याचं तिला काही वाटायचं नाही, ते काम होतं. पण नारळाचं वजन मांडीवर आलं तेव्हा ते काम आहे असं तिला म्हणता येईना. ती खाली मान घालून बसून राहिली. 

"एक सांगते," मग मंछाबाई म्हणाली. "परत आणायची नाय. ओटीतलं परत येत नाय. ही आता तुमची."

दुसऱ्या दिवशी नायगावच्या पलीकडे, ज्या बंगल्यात चित्रीकरण चालतं तिथे, दर्पणने साडी पाहून आधी सुटकेचा श्वास टाकला आणि मग बोंब मारली. "ताई! हे काय? काठाला कुंकू लागलंय! शनिवारी नव्हतं. धुवा, पुसा, काहीतरी करा."

"धुवायचं नाही ते."

"अहो, पण क्लोजअपमध्ये..."

"दिसणार नाही. तू माझ्यावर सोड."

ती आत गेली आणि साडी खालचा काठ वर करून नेसली. कुंकवाचा काठ आत, कमरेशी, थेट पोटाला लागून खोचला. पदर होता तसा चौकडीचा. दर्पणने फोनमधला शनिवारचा फोटो तिच्या शेजारी धरून वर-खाली पाहिलं आणि तो मान डोलावून निघून गेला.

दिग्दर्शक कमलाकांत सरांनी तिला समजावलं, "आत्यासाहेब संतापतात. आवाज चढवायचा." जमना म्हणाली, "सर, एकदा माझ्या पद्धतीने करून बघू? नाही पटलं तर ओरडते."

सुरू झालं. सासू कडाडली. नायिका कोसळली. मधली काकू, म्हणजे चारुता, टोमणा मारायला तोंड उघडणार एवढ्यात जमना समईमागून बाहेर आली. इतके महिने त्या घरात ती कधी गालिच्यावर आली नव्हती. दिवाणखान्याच्या मधोमध पाय टाकताना तिलाच तो गालिचा मऊ लागला. ती थेट मोठ्या मुलापाशी गेली. आवाज चढवला नाही. लहानपणी ज्याला घास भरवले त्याला विचारावं तसं विचारलं, "बाळा, गौर कुठे ठेवलीस?"

एवढंच. पुढची वाक्यंही तिने त्याच आवाजात म्हटली, पण त्या पहिल्या वाक्यालाच मोठा मुलगा झालेल्या नटाचा चेहरा खरोखर पडला. कट म्हणायला कमलाकांत सरांना उशीर झाला. चारुताने टोमणा कधी मारायचा ते विचारलं तर ते म्हणाले, "आता कसला टोमणा! राहू दे."

तो भाग लागला त्या संध्याकाळी ठमीच्या घरात बसायला जागा नव्हती. या वेळी "माझी साडी" असं कोणी ओरडलं नाही, ठमीही नाही. वाक्य संपलं आणि ठमीने नाक ओढत म्हटलं, "बोलली बाबा एकदाची. दात दुखायला लागले होते माझे." लगेच वाणगावहून फोन. मंछाबाईचा आवाज सगळ्या घराला ऐकू गेला. "बोललात! झ्याक बोललात! आता तेवढं त्या नवऱ्याला बोलवून घ्या. नायतर आमच्या ओटीला लोक नावं ठेवतील."

आत्यासाहेबांचं नाव झालं. आठवडाभरात कमलाकांत सरांनी जमनाला बोलावून खुर्ची दिली. बातमी मोठी होती. लेखकाने तिच्यासाठी स्वतंत्र कथानक काढलं होतं. नैरोबीहून निरोप येतो: आत्यासाहेबांचे यजमान वारले. कुंकू पुसणं, बांगड्या, दिवाणखान्यात आक्रोश. सलग आठ-दहा भाग जमनाचे.

"रडणं तुमच्याइतकं कोणाला जमणार आहे?" ते म्हणाले. "आयुष्यात एकदा येते अशी संधी, जमनाताई."

जमनाने ऐकलं. तिला ऐकताना बघणं हेच त्यांना आवडायचं, त्यामुळे ते बोलत राहिले. ते थांबल्यावर ती म्हणाली, "सर, तो मरणार नाही."

"कोण?"

"माझा नवरा. त्याला नैरोबीतच राहू द्या."

"अहो, पण का?"

का, ते सांगायचं तर वाणगावच्या अंगणापासून सुरुवात करावी लागली असती, आणि सरांना ते पटलं नसतं. पण तिकडे तेजल दिवस मोजत होती, आणि मंछाबाईच्या हिशोबात आत्यासाहेबांचं कुंकू आणि तेजलचं बाळ एकाच धाग्यात ओवलं गेलं होतं. जमनाचा स्वतःचा त्यावर विश्वास होता का? नव्हता. पण दुसऱ्याच्या विश्वासाने भरलेली ओटी तिने पदर पसरून घेतली होती. ती आता रिकामी करायची नव्हती.

"रडणाऱ्या बायका प्रत्येक मालिकेत आहेत," ती म्हणाली. "मी तर पडद्यावर कितीदा रडले त्याला गणती नाही. तुम्ही मला त्याच्याशी फोनवर बोलू द्या."

"आणि त्याचा नट कुठून आणू?"

"नट कशाला? त्याचा आवाजसुद्धा नको. मी एकटी बोलते. मी ऐकते कशी ते लोकांना दाखवा. हा माणूस आहे तरी कसा, कधी येणार, येणार की नाही, बसू देत लोकांना विचार करत."

कमलाकांत सरांनी चष्मा काढला. पुसला. मग दर्पणला हाक मारली आणि म्हणाले, "लेखकाला फोन लाव. आणि आत्यासाहेबांना एक जुना, वायरवाला फोन द्या."

कथा तिथवर यायला दोन-अडीच महिने गेले, मग तो प्रसंग त्याच दिवाणखान्यात झाला. समई बाजूला सरकवून तिथे फोनचं टेबल ठेवलं होतं. जमनाने मोरपंखी साडीच नेसली, कुंकवाचा काठ आत घेऊन. ही आता तिची होती, परत द्यायची घाई नव्हती. कागदावर लिहिलं होतं, "कसे आहात? तब्येत बरी आहे ना?" तिने ते म्हटलं. मग मुक्या रिसीव्हरला कान लावून ऐकलं. ऐकता ऐकता हसली, जरा रागावली, आणि कागदावर नसलेलं एक वाक्य तिच्या तोंडून आलं: "डबा नेला होता का? की राहिला आजपण घरीच?"

रामनाथ सकाळच्या पाळीला जाताना डबा विसरायचा. खानदानी घरातला, नैरोबीत धंदा करणारा माणूस डबा कशाला नेईल, हे कोणीच विचारलं नाही. सरांनी ते वाक्य ठेवलं.

तो भाग लागला तेव्हा तेजल प्रसूतीसाठी पालघरला इस्पितळात दाखल होती आणि ठमी जायच्या तयारीत होती. एक पाय दारात, पिशवी खांद्याला, तरी टीव्हीपुढून हलेना. मंछाबाईचा फोन आलाच. मुलगी झाली, दोघी सुखरूप, पन ते ऱ्हाऊ द्या, त्यो फोनवर काय बोलला ते जमनाला विचारा.

ठमीने फोन कानाशी धरूनच जमनाकडे वळून विचारलं. तिच्या चेहऱ्यावर थट्टेचा मागमूस नव्हता. खरंच जाणून घ्यायचं होतं तिला.

"काय गं जमने, काय बोलला त्यो?"

जमना तिथेच बसून आपल्या मोरपंखी साडीची घडी घालत होती.

"उशीर होईल म्हणाला," ती म्हणाली.